आधी गोळीचं नाव विचारा

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतला उतारवयातल्या जुगारावरचा लेख वाचला. मोबाइलवर पत्ते खेळून पैसे घालवणाऱ्या ज्येष्ठांना लेखकाने संयम, ध्यान आणि चांगली सोबत सुचवली आहे. सुचवू देत. पण एक प्रश्न त्या लेखात कुठेच नाही: या माणसाला औषधं कोणती चालू आहेत?

माझ्या यजमानांना कंपवात, म्हणजे पार्किन्सन्स आहे. आयुष्यभर लोकांचे हिशेब तपासण्याची नोकरी केली. गमतीतसुद्धा कधी कुणाशी पैज लावली नाही. कंप कमी व्हावा, पाय मोकळे व्हावेत म्हणून त्यांना प्रामिपेक्सोल सुरू झालं. चालणं खरोखरच सुधारलं. मग डोस वाढला आणि काही महिन्यांतच पांघरुणाखाली मोबाइलचा उजेड दिसू लागला. बँकेचे मेसेज मी बघायच्या आत खोडलेले असायचे. एका रात्री उठून पाहते तर भिंतीवरचं घड्याळ खाली उतरवलेलं, त्याचे स्क्रू आकारानुसार वर्तमानपत्रावर ओळीने मांडलेले. पुन्हा मोडायचे, पुन्हा लावायचे, पहाटेपर्यंत तेच. घड्याळ दुरुस्त करायचं नव्हतंच. विचारलं तर म्हणाले, "कळतंय गं, पण हात मागे येत नाही." नातेवाइकांनी म्हातारचळ ठरवून टाकला, एकाने तर माझ्या तोंडावर.

डॉक्टरमंडळींना हा प्रकार नवा नाही. कंपवातात डोपामाइन हे मेंदूतलं निरोप पोचवणारं रसायन तयार करणाऱ्या पेशी मरत जातात, पण सगळीकडे सारख्या नाही. हालचाली चालवणाऱ्या भागाला तुटवडा आधी जाणवतो. एखादी गोष्ट हवीशी वाटणं ज्यावर अवलंबून असतं, त्या स्ट्रायटमच्या (मेंदूतला खोलवरचा एक भाग) खालच्या भागात सुरुवातीला डोपामाइन बऱ्यापैकी शिल्लक असतं. गोळी डोपामाइनची नक्कल करते, पण ती दोन्हीकडे पोचते. त्यातून प्रामिपेक्सोल, रोपिनिरोल ही औषधं ज्या 'डी-३' ग्राहींना (पेशींवरच्या, डोपामाइनचा निरोप घेणाऱ्या जागांना) जास्त चिकटतात, ते याच खालच्या भागात दाटीने असतात. हाताला पुरेसं होईपर्यंत इथे अतिरेक झालेला असतो. दुसरीही एक गोष्ट आहे. डाव हरला की डोपामाइन क्षणभर घटतं आणि त्या घसरणीतून मेंदू 'पुन्हा नको' हे शिकतो. गोळीमुळे ग्राही सतत चेतवलेले राहिले तर ती घसरण जाणवतच नाही, असं अनेक संशोधक मानतात. मग कपाळामागच्या भागाने आवर घालायचा तो कशाच्या जोरावर?

अमेरिका आणि कॅनडातल्या ३,०९० कंपवात रुग्णांची पाहणी २०१० साली प्रसिद्ध झाली. जुगार, खरेदी, खाणं किंवा कामवासना, यांपैकी एकावरचा तरी ताबा सुटलेले रुग्ण १३.६ टक्के निघाले. प्रामिपेक्सोलच्या गटातली औषधं घेणाऱ्यांत १७.१ टक्के, न घेणाऱ्यांत ६.९. (आकडे यजमानांनी स्वतः तपासले आहेत, पत्रही त्यांच्या संमतीनेच पाठवते आहे.) ही औषधं कंपवातापुरतीच नाहीत, पाय अस्वस्थ होऊन झोप उडते त्या विकारातही देतात. मनोविकारांवरच्या अरिपिप्राझोलबद्दलही अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २०१६ मध्ये असाच इशारा दिला होता.

हे वाचून कुणी गोळी आपल्या मनाने बंद करू नये. ती एकदम तोडली तर जीव घाबरा होतो, नैराश्य येतं, अंग आखडतं ते वेगळंच. आमच्या डॉक्टरांनी डोस पायरीपायरीने उतरवला, सोबत लेव्होडोपा हे कंपवातावरचं दुसरं औषध वाढवलं. मोबाइलचं खूळ काही आठवड्यांत ओसरलं. घड्याळं उतरवणं सुटायला जास्त दिवस लागले. पाय थोडे जड झालेत, तो सौदा आम्ही पत्करला.

माझी तक्रार एवढीच, की गोळी सुरू करताना आम्हाला हे कुणी सांगितलं नाही. खोक्यातल्या कागदावर सगळं छापलेलं असतं, मुंगीच्या पायाएवढ्या अक्षरांत. पहिल्या चिठ्ठीच्या वेळीच जोडीदाराला समोर बसवून सांगायला हवं आणि पुढे दर भेटीत नाव घेऊन विचारायला हवं: पैसे लावता का, खरेदी वाढली का, रात्री जागून काय करता, शरीरसंबंधाचा हट्ट वाढलाय का? शेवटचा प्रश्न आपणहून कुठलीच बायको काढणार नाही. रुग्णही बोलत नाही. त्याला लाज वाटते, आणि खरं सांगायचं तर खेळताना त्याला फार बरंही वाटत असतं.

या विषयावर पुन्हा लेख छापाल तेव्हा एखाद्या मेंदूविकारतज्ज्ञालाही लिहायला सांगा, आणि औषधांची नावं ठळक अक्षरांत द्या.

आपली,
एक नियमित वाचक
(नाव प्रसिद्ध करू नये, ही विनंती)