गणपतीआधी बंद घर झाडणाऱ्यांसाठी: आरोग्यमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. सार्वजनिक आरोग्य मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

विषय: कोकणातील बंद घरांत साचणारी वन्य प्राण्यांची विष्ठा सुरक्षितपणे साफ करण्याबाबत लोकांना सूचना व साहित्य मिळणे.

महोदय,

जुलै २०२५ मध्ये मुंबईतले ५१ कबुतरखाने बंद करायची घोषणा विधान परिषदेत झाली. कारण दिलं गेलं ते कबुतरांच्या विष्ठेचं आणि पिसांचं: ती धूळ श्वासावाटे छातीत जाते आणि माणूस आजारी पडतो. घोषणा करणारे मंत्री रत्नागिरीचेच आमदार. नंतर प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, दादरच्या कबुतरखान्यावर ताडपत्री पडली, लोक रस्त्यावर आले. त्या वादात मला पडायचं नाही. मात्र सुकलेल्या विष्ठेची धूळ घातक असते हे शासनाला मान्य आहे, एवढं मी गाठीला बांधलं आहे. कारण अशाच धुळीत दर श्रावणाच्या अखेरीला कोकणातल्या वाड्यावाड्यांतून केरसुणी चालते, आणि त्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही.

आमच्या वाडीतल्या काही बंद घरांच्या किल्ल्या माझ्याकडे असतात. घरधनी मुंबईला, ठाण्याला, पुण्याला. मे महिन्यात येऊन गेले की घराला कुलूप, ते गणपतीला उघडायचं. काही घरं तर वर्षातून एकदाच उघडतात. मधल्या काळात घर रिकामं नसतं. आढ्याला आणि वाशांच्या सांदीत वाघळं (वटवाघळं) असतात, खाली त्यांच्या लेंड्यांचा थर साचतो. शेतात पाणी भरलं की उंदीर आणि घुशी घरात शिरतात, कणगीमागे, गाद्यांच्या गठ्ठ्यात, भांड्यांच्या फळीवर मुततात. सरकलेल्या कौलातून कांडेचोर (उदमांजर) माळ्यावर उतरतो आणि रोज ठरलेल्या जागीच बियांनी भरलेली विष्ठा टाकतो. (याच जातीच्या प्राण्याच्या विष्ठेतून वेचलेल्या बियांची कॉफी इंडोनेशियात सोन्याच्या भावाने विकतात म्हणे. आमच्याकडे त्याच्यापासून फक्त शाकारणीचा खर्च निघतो.) वांदरांचं तर काय सांगावं, पत्र्यावर, पाण्याच्या टाकीवर, पडवीत, सगळीकडे.

मग मुंबईहून फोन येतो, "वहिनी, चार दिवसांत येतोय, घर जरा झाडून ठेवा." कुणीतरी बाई दिवसाच्या मजुरीवर येते, नाकाला पदर लावते, दारं-खिडक्या उघडायच्या आधीच वाढवण (केरसुणी) घेऊन माळ्यावर चढते आणि वर्षभराचं सुकलेलं सगळं खाली लोटते. घर धुरकट होतं. त्याच दिवशी कुणीतरी माटवी (गणपतीवर टांगायची लाकडी चौकट) बांधायला आढ्याखाली चढतो. त्याचं तोंड वाशांपासून हातभर अंतरावर असतं, आणि वाशांवर काय असतं ते वर आलंच आहे.

महोदय, मी डॉक्टर नाही, आणि कोकणात साथ आली असा कांगावाही करत नाही. वाघळांच्या आणि पक्ष्यांच्या विष्ठेने माजलेल्या मातीत हिस्टोप्लाझ्मा नावाची बुरशी वाढते, तिचे कण श्वासातून फुप्फुसात जातात, आणि आजार क्ष-किरणात टीबीसारखा दिसतो. आपल्या देशात त्याचे रुग्ण मुख्यतः गंगेच्या खोऱ्यात, पश्चिम बंगालकडे नोंदले गेले आहेत. पण ज्याला दमा आहे, मधुमेह आहे, ज्याचा टीबी नुकता बरा झालाय, त्याला कुठलीच बुरशीची धूळ नको. लेप्टोचा (लेप्टोस्पायरोसिस या तापाचा) धोका मात्र इथला, दरवर्षीचा आणि जीवघेणा आहे.

लेप्टोचे जंतू उंदरांच्या मूत्रपिंडात राहतात आणि मुतातून बाहेर पडतात. ओलाव्यात ते तगतात, कडक उन्हात आणि कोरड्यात मरतात. गणपती येतात ते पावसाळ्यातच. घर दमट, जमीन ओली, झाडणारीचे पाय अनवाणी, टाचांना भेगा. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि त्यानंतर मुंबईत लेप्टोने माणसं गेली, तेव्हा साऱ्या राज्याला हा आजार माहीत झाला. आमच्या जिल्ह्याला तो नवा नाही. पावसाळ्यात शेतात उतरणाऱ्यांना आशाताई डॉक्सीच्या (डॉक्सीसायक्लिन, लेप्टो टाळायचं औषध) गोळ्या देतात, चिखलात जखम घेऊन जाऊ नका म्हणून बजावतात. काम चांगलं आहे. पण ही सगळी सूचना शेताच्या बांधावर संपते. उंदीर बांध ओलांडून घरात आला की त्याच्यामागे सरकार येत नाही.

इथे एक गोष्ट आपल्या खात्याने खास लक्षात घ्यावी. लेप्टोचा ताप लागण झाल्यावर बहुधा पाच ते चौदा दिवसांनी येतो, कधी महिनाही लागतो. चाकरमानी येतो, घर झाडतो, पाच किंवा सात दिवसांचा गणपती विसर्जन करतो आणि परत जातो. ताप येतो तो डोंबिवलीला, विरारला, नालासोपाऱ्याला. तिथला डॉक्टर मलेरिया तपासतो, डेंग्यू तपासतो, त्याची काय चूक? पोटऱ्या दुखतायत, डोळे लाल झालेत, हे रुग्ण सांगतो. गावच्या घरात उंदरांची घाण काढली हे सांगत नाही, कारण कुणी विचारतच नाही. लेप्टोत मूत्रपिंडं आणि यकृत धरायच्या आत औषध सुरू झालं तर माणूस वाचतो. म्हणून माझी पहिली मागणी खर्चाची नाहीच. मुंबई, ठाणे, पालघर, रायगड आणि पुण्यातल्या सरकारी व पालिका दवाखान्यांनी गणपतीनंतरचे सहा आठवडे तापाच्या प्रत्येक रुग्णाला एक प्रश्न विचारावा: गेल्या महिन्यात गावचं बंद घर उघडून साफ केलंत का? उत्तर केसपेपरवर लिहावं. एवढंच.

दुसरी मागणी साहित्याची, आणि तेही बहुतेक गावात आधीच आहे. प्रत्येक ग्रामपंचायतीत विहिरीत टाकायला टीसीएल पावडर (ब्लीचिंग पावडर) असते. ताज्या पावडरीत साधारण ३३ टक्के क्लोरीन असतो. एका लिटर पाण्याला १५ ग्रॅम, म्हणजे दहा लिटरच्या बादलीला १५० ग्रॅम घातली की अर्ध्या टक्क्याचं द्रावण होतं. घटकाभर ठेवून वरचं निवळ पाणी वापरायचं. जलसुरक्षकाला हे येतं, तो रोज पाणी तपासतो. गणपतीआधी पंधरा दिवस ज्याला घर उघडायचंय त्याला पंचायतीने मोजून पावडर, रबरी हातमोजे आणि एक एन-९५ मास्क द्यावा. पदराने किंवा रुमालाने बारीक धूळ अडत नाही. पंधराव्या वित्त आयोगाच्या अनुदानात ६० टक्के रक्कम पिण्याचं पाणी आणि स्वच्छतेसाठीच बांधून दिली होती. अशा निधीतून मास्क घेता येत नाहीत असं कुणी म्हणू नये. फक्त पावडर ताजी असावी. कोकणच्या हवेत तोंड उघडं राहिलेल्या पोत्यातली पावडर दोन पावसाळ्यांनंतर चुन्यापेक्षा वेगळी राहत नाही.

तिसरी मागणी सूचनेची. एसटी जादा गाड्या सोडते, कोकण रेल्वे विशेष गाड्या सोडते, महामार्गावर मदत केंद्रं लागतात, तिथे चहा मिळतो, गोळ्या मिळतात. तिथेच एक कागद हातात द्या. सोप्या मराठीत, आणि मालवणीत लिहिलात तर लोक वाचूनही दाखवतील. त्यात काय असावं ते मी लिहिते, आपल्या तज्ज्ञांनी तपासावं.

कुलूप काढलं की लगेच आत शिरू नये. दारं-खिडक्या उघडून अर्धा तास बाहेर थांबावं, तेवढ्यात चहा होतो. कोरडा झाडू लावायचा नाही, व्हॅक्युम क्लीनर तर अजिबात नाही, तो बारीक धूळ मागच्या बाजूने परत घरात सोडतो. गमबूट किंवा बंद चपला, हातमोजे आणि मास्क चढवून मग लेंड्यांवर द्रावण फवारायचं. बादलीने ओतलं तरी धूळ उडते, म्हणून बारीक फवारा. दहा मिनिटं भिजू द्यावं. मग जुन्या कागदाने किंवा फडक्याने गोळा करून पिशवीत, ती पिशवी दुसऱ्या पिशवीत. जागा पुन्हा द्रावणाने पुसायची. माळ्यावरचा थर जाड असेल तर एका दमात काढायला जाऊ नये, वरचा भिजवावा, काढावा, खालचा पुन्हा भिजवावा. वाघळांची घाण माडाला चांगली म्हणून जपून ठेवणारे आहेत. ठेवा, पण ओली, विहिरीपासून लांब खड्ड्यात, वर माती घालून.

देव्हाऱ्याचं लाकूड टीसीएलने डागळतं आणि तेवढ्या एका कारणाने बायका सगळीकडेच ते टाळतात. देव्हारा साबणाच्या पाण्याने भिजवून पुसला तरी धूळ उडत नाही, आणि लेप्टोचे जंतू साबणालाही टिकत नाहीत. हे कागदावर जरूर असावं. आणि सगळ्यात ठळक अक्षरांत हे: टीसीएलमध्ये संडास धुवायचं ॲसिड कधीही मिसळू नये. विषारी वायू सुटतो, आणि बंद खोलीत तो लेप्टोपेक्षा लवकर माणूस घेतो. कृमींच्या अंड्यांवर क्लोरीनचा फारसा परिणाम होत नाही, म्हणून कांडेचोराच्या जागेवर, फरशी सोसत असेल तर, शेवटी उकळतं पाणी ओतावं.

पागोळीचं पाणी भरून ठेवणारी घरं आमच्याकडे आहेत. कौलांवर वांदरांनी आणि कांडेचोराने केलेली घाण पहिल्या पावसात खालीच येते. पहिल्या सरी वाहून जाऊ द्याव्यात आणि नंतरचंही पाणी उकळल्याशिवाय पिऊ नये, हे दोन ओळींत सांगता येईल.

बांदा-दोडामार्ग भागात २०१६ पासून माकडतापाने जे घडलं त्याने लोकांच्या मनात वांदराच्या विष्ठेचीच धास्ती बसली आहे. तो आजार गोचिडीच्या चाव्यातून येतो, विष्ठेतून नाही. मेलेल्या माकडाजवळ जाऊ नये आणि आरोग्य केंद्राला कळवावं, हे त्या कागदावर वेगळं लिहिलं तर भीती जागच्या जागी राहील. वाघळांबद्दलही तसंच. महाबळेश्वरच्या गुहेतल्या वटवाघळांत निपाह या जीवघेण्या विषाणूच्या खुणा पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेला सापडल्याची बातमी २०२१ मध्ये आली, आणि ऐकणाऱ्यांनी त्यातून वाघळांचा राग तेवढा उचलला. धूर करून, काठीने झोडपून वाघळं जात नाहीत, घाबरून घरभर फिरतात आणि चावा बसला तर रेबीजची लस घ्यावी लागते. ती रात्री किडे खातात, त्यांना मारायचं कारण नाही. पिल्लं उडती झाल्यावर, संध्याकाळी सगळी बाहेर पडली की सांदी जाळीने बुजवायची. वनरक्षकाने वाडीत येऊन एकदा दाखवलं तर पुढचं आमचे सुतार करतील.

शेवटी त्या मजुरीच्या बाईबद्दल. घरमालक मुंबईत, ग्रामपंचायतीचं तिच्याकडे लक्ष नाही, आणि ती कुणाची कामगार म्हणून कुठल्याच वहीत नाही. डॉक्सीच्या यादीत शेतमजूर आहेत तसे बंद घरं साफ करणारेही असावेत. यादी करणं अवघड नाही, कुणाच्या घराची किल्ली कुणाकडे आणि झाडायला कोण जातं हे प्रत्येक आशाताईला तोंडपाठ असतं. गोळी कुणाला द्यायची ते डॉक्टर ठरवतील, नाव तर यादीत येऊ द्या.

वरच्या सूचनांचा एक पानी मसुदा मी तयार ठेवला आहे, मालवणीतही. तो कुठल्या कार्यालयात पाठवावा एवढं कळवलंत तर यंदाच्या गणपतीआधी छापून होईल.

कळावे,

आपली,
सावंतवाडी तालुक्यातील एक रहिवासी