तुंबलेले शौचकूप आणि कपाटातल्या बाटल्या

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

तुंबलेले शौचकूप मोकळे करण्याचे जे तोडगे घरगुती उपायांच्या सदरांतून आणि मोबाइलवरच्या संदेशांतून सुचवले जातात, त्यांतले काही निरुपयोगी, तर काही सरळसरळ धोकादायक असतात. विषय चारचौघांत काढायला संकोच वाटावा असा असला, तरी घरोघरी कधी ना कधी निघणारा आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहीत आहे.

कमोडच्या बुडाशी असलेली नळी मुद्दाम वळवलेली असते. त्या वळणात साधारण ५० मिलिमीटर पाणी कायम अडून राहते आणि गटारातले वायू घरात येऊ देत नाही; अशा वळणाचे पेटंट अलेक्झांडर कमिंग या घड्याळजीने १७७५ साली घेतले होते. वस्तू अडकते तीही बहुधा याच वळणात. मैला किंवा साधा टॉयलेट पेपर काही वेळाने भिजून विरघळतो. ओले वाइप्स, सॅनिटरी पॅड, डायपर, कापूस, केसांचे पुंजके आणि मुलांची खेळणी मात्र कितीही भिजली तरी विरघळत नाहीत, मग वाइप्सच्या पाकिटावर काहीही छापलेले असो. त्यामुळे काय अडकले असावे याचा अंदाज घेऊनच पुढचा उपाय ठरवावा.

पाणी वर चढताना दिसले की पुन्हा फ्लश करून पाहण्याचा मोह आवरला पाहिजे. टाकीतले सहा ते दहा लिटर पाणी खाली वाट न मिळाल्याने काठावरून जमिनीवर येते. टाकीकडे जाणारा अँगल कॉक लगेच बंद करावा, हातमोजे घालावेत, आणि भांडे काठोकाठ भरले असेल तर मगाने थोडे पाणी बादलीत काढून घ्यावे. अडथळा मैल्याचा किंवा कागदाचा वाटत असेल, तर भांडी घासण्याचा द्रव साबण थोडासा ओतून तासभर थांबावे आणि मग बादलीभर गरम पाणी हळूहळू सोडावे. गरम म्हणजे हाताला सोसवेल इतपतच. उकळत्या पाण्याने चिनी मातीचे भांडे तडकू शकते आणि पीव्हीसीचे पाइप तर ८० अंश सेल्सिअसच्या आसपास मऊ पडू लागतात.

एवढ्याने भागले नाही तर रबरी पंप, म्हणजेच प्लंजर, वापरावा. सपाट वाटीचा पंप बेसिनला किंवा भारतीय पद्धतीच्या भांड्याला चालतो. कमोडसाठी मात्र वाटीच्या आतून आणखी एक रबरी ओठ बाहेर आलेला पंप लागतो, कारण तो तोंडावर घट्ट बसतो. वाटी पूर्ण बुडेल इतके पाणी भांड्यात असणे आवश्यक आहे. हवा दाबली जाते, पाणी जवळजवळ दाबले जात नाही, म्हणून हाताचा जोर अडथळ्यापर्यंत पोहोचवण्याचे काम पाणीच करते. पहिला दाब अगदी हलका द्यावा, नाहीतर वाटीतली हवा घाण पाणी तोंडावर उडवते. त्यानंतर वाटी न उचलता पंधरा-वीस वेळा दाबावे आणि ओढावे. बहुतेक जण नुसताच खाली जोर लावतात. वास्तविक अडथळा सैल होण्यात वर ओढण्याचा वाटा तितकाच असतो. मार्ग मोकळा झाला की नाही हे फ्लशने नव्हे, तर मगाने थोडे पाणी ओतून पाहावे.

पंपानेही काम झाले नाही, तर हँडल फिरवून आत सोडायची कमोडसाठीची स्प्रिंग वापरावी. तिच्या टोकाजवळची नळी भांड्यावर ओरखडे पडू देत नाही. उघडी तार किंवा सळई खुपसल्यास भांड्याची चकाकी खरवडली जाते आणि तिथे मळ धरू लागतो. खेळणे किंवा पॅड पडल्याचे ठाऊक असेल तर मात्र ना पंप, ना स्प्रिंगने ढकलणे. पुढे सरकलेली वस्तू पाइपमध्ये कोणाच्याच हाती लागत नाही. ती आकड्याने बाहेरच ओढावी.

आता रसायनांविषयी. खाण्याचा सोडा आणि व्हिनेगर एकत्र ओतले की भरपूर फेस येतो, पण त्यातून निघणारा कार्बन डायऑक्साइड पाण्यातून वर निघून जातो आणि अडथळ्यावर काहीच जोर पडत नाही. हा उपाय निदान निरुपद्रवी तरी आहे. संडास साफ करण्याच्या बऱ्याच द्रवांत हायड्रोक्लोरिक अ‍ॅसिड असते आणि ब्लीचमध्ये सोडियम हायपोक्लोराइट. एकाने काम झाले नाही म्हणून त्यावर दुसरे ओतले, की क्लोरीन वायू तयार होतो. १९१५ साली बेल्जियममधल्या ईप्र येथे सैनिकांवर सोडला गेलेला वायू तो हाच, आणि इथे तो लहानशा बंद खोलीत नाकासमोर निघतो. ब्लीचमध्ये अमोनिया असलेला द्रव मिसळला तरी विषारी वायू निघतात. तुंबलेल्या मोऱ्या मोकळ्या करण्याच्या पावडरींत असतो त्या कॉस्टिक सोड्यावर अ‍ॅसिड पडले तर एवढी उष्णता निर्माण होते की मिश्रण उसळून अंगावर येते. बरे, एवढे करून प्लास्टिक किंवा वाइप्स यांतल्या कशानेही विरघळत नाहीत.

रसायन आधीच ओतलेले असेल तर पंप मुळीच मारू नये आणि प्लंबरला ते आल्याबरोबर सांगावे. थेंब डोळ्यात गेलाच तर पापण्या उघड्या धरून वाहत्या पाण्याखाली निदान पंधरा-वीस मिनिटे डोळा धुवावा आणि मगच दवाखाना गाठावा. कॉस्टिक सोडा डोळ्यात खोलवर शिरत राहतो, त्यामुळे धुण्याआधी प्रवासात घालवलेली मिनिटे महागात पडतात. मुलाने असे रसायन प्यायले असेल तर उलटी करवू नये, ताबडतोब डॉक्टरांकडे न्यावे.

फ्लश केल्यावर न्हाणीघराच्या जाळीतून पाणी वर येत असेल किंवा घरातल्या सगळ्याच मोऱ्या एकदम तुंबल्या असतील, तर दोष कमोडमध्ये नसून पुढच्या मुख्य पाइपमध्ये, चेंबरमध्ये किंवा भरलेल्या सेप्टिक टँकमध्ये असतो. तिथे यंत्रासह येणाऱ्या माणसांनाच बोलवावे आणि कोणालाही टाकीत उतरू देऊ नये. टाकीतला हायड्रोजन सल्फाइड वाढला की नाकाची वास घेण्याची शक्तीच जाते आणि धोका कळायच्या आत माणूस कोसळतो.

आपल्या पुरवणीत असे घरगुती उपाय छापताना ‘हे दुसऱ्या कोणत्याही साफसफाईच्या द्रवात मिसळू नये’ हे वाक्य त्या त्या उपायाच्या शेजारीच, तळटिपेत न ढकलता, छापावे, अशी विनंती आहे.

आपला नम्र,
एक नियमित वाचक