सोफीची तबकडी

प्रिय सुनंदा,

हल्ली काय ऐकतेस, असं विचारलंस. सोफी कुर्तझर! 1920च्या दशकात अमेरिकेत निघालेली तिची एक तबकडी आहे, ‘किद्दुश’ची. ज्यू घरांत शुक्रवारी संध्याकाळी द्राक्षारसाचा पेला हातात घेऊन म्हणतात ती प्रार्थना. खरखर आहेच, पण आवाज भरदार, खालच्या पट्टीतला. शब्द लांबवत नेते, त्यावर बारीक हरकती घेते आणि सूर सोडताना तो असा तोडते की हुंदकाच फुटला वाटावं. तो आपोआप येत नाही बरं का, ही या गायकीतली घोटून बसवायची जागा आहे.

सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळात, प्रार्थना गाणारा तो खझान. ही गायकी गाणाऱ्या बायकांना यिडिशमध्ये, म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या भाषेत, खाझन्ते म्हणत. पुरुषांसमोर बाईने गाऊ नये, असा परंपरा काटेकोर पाळणाऱ्या ऑर्थोडॉक्स ज्यूंचा दंडक, त्याला तालमुद या धर्मग्रंथातल्या वचनाचा आधार. म्हणून या गायल्या त्या थिएटरांत, रेडिओवर, तबकड्यांवर. फिलाडेल्फियाची जीन गॉर्निश ‘शेइंडेले’ नावाने, खझानासारखा झगा नि टोपी घालून गायची. तिच्या रेडिओ कार्यक्रमाचा खर्च शेंगदाणा तेलाची एक कंपनी करायची. फ्रायडेले ओयशरचं तर मला फार लागतं. भाऊ मोइशे नावाजलेला खझान, हिच्याही गळ्यात तीच तालीम, पण हिच्या वाट्याला आलं ते यिडिश नाटक.

पुढे 1975 मध्ये रिफॉर्म या सुधारक ज्यू पंथाच्या हिब्रू युनियन कॉलेजने बार्बरा ऑस्टफेल्डला खझानपद दिलं, 1987 मध्ये कॉन्झर्व्हेटिव्ह या मधल्या वाटेच्या पंथाने दोघींना. चांगलंच झालं. पण तोवर रिफॉर्म सिनेगॉगमध्ये गिटारवर सगळ्यांनी मिळून म्हणायची गाणी येऊ लागली होती, आणि एकेक ओळ आळवत बसणारी जुनी गायकी मागे पडत चालली होती. सोफीच्या पिढीला याचा काहीच उपयोग झाला नाही.

‘बाई असून काय गायची!’ असं कुणी म्हटलं की मला राग येतो. बाईपण बाजूला ठेवून नुसती गायकी ऐक, मोठमोठ्या खझानांच्या शेजारी ठेवून ऐक. तू गाणं शिकवतेस, तुझा कान तयार आहे. तो हुंदका ती नेमकी कुठून काढते, छातीतून की गळ्यातून, मला अजून उलगडलेलं नाही. दोनदा-तीनदा ऐक आणि सविस्तर लिही.

तुझीच,
मृणाल