सत्काराआधी गाडीची चाचणी व्हावी

महोदय,

सीमाभागातल्या एखाद्या मुलाने किंवा मुलीने एकचाकी, तीनचाकी किंवा घडी करून हातात नेता येणारी विजेवरची गाडी बनवली, की वर्तमानपत्रात फोटोसह बातमी येते, गल्लीत फलक लागतो, शाल-श्रीफळ होते. हे व्हायलाच हवे. बेळगावात उद्यमबाग आणि मच्छे परिसरात ओतीवकाम, लेथ, वेल्डिंग आणि हायड्रॉलिकचे काम हाकेच्या अंतरावर मिळते. म्हणून इथली मुले कागदावरची गाडी खरोखर उभी करू शकतात. पण बातमीत वेग आणि खर्च छापला जातो. गाडीचे वजन किती, ब्रेक कशावर, ती किती कलली की उलटते, बॅटरीत फ्यूज आहे का, यातले काही नसते. मुलांनाही हे कोणी विचारलेले नसते. सत्काराआधी आणि रस्त्यावर आणण्याआधी प्रत्येक गाडीची चाचणी व्हावी आणि त्यासाठी बेळगावात एक सामाईक जागा असावी, एवढ्यासाठी हे पत्र.

सर्वांत आधी तीनचाकीविषयी, कारण सर्वाधिक मुले तीच बनवतात. तीन चाके म्हणजे स्थिर गाडी, हा समज चुकीचा आहे. सायकल वळणावर कलते, तीनचाकी कलत नाही, ती सरळ उभी राहून बाहेरच्या बाजूला उलटते. हिशेब सोपा आहे. जोडचाकांमधल्या अंतराचे निम्मे घ्या, त्याला जमिनीपासून गुरुत्वमध्याच्या उंचीने भागा आणि जोडचाकांवर एकूण वजनाचा जेवढा हिस्सा येतो त्याने गुणा. समजा, दोन चाकांत 80 सेंटीमीटर अंतर आहे, चालक बसल्यावर गुरुत्वमध्य 55 सेंटीमीटरवर आहे आणि दोन-तृतीयांश वजन जोडचाकांवर आहे. उत्तर येते 0.48. हा आकडा जितका मोठा, तितकी गाडी उलटायला अवघड. अशी गाडी 6 मीटर त्रिज्येच्या वळणावर, म्हणजे गल्लीच्या कोपऱ्यावर, ताशी 19 किलोमीटरला आतले चाक उचलते. तीच बैठक खाली आणून गुरुत्वमध्य 35 सेंटीमीटरवर आणला तर आकडा 0.76 होतो आणि वेगाची मर्यादा ताशी 24 किलोमीटरपर्यंत जाते. मोटर बदललेली नाही, पैसा लागलेला नाही, फक्त बैठक आणि बॅटरी खाली आली. बॅटरी सीटमागे उंच कॅरिअरवर बांधण्याची जी पद्धत दिसते, ती म्हणूनच सोडायला हवी.

हे मोजायला यंत्र लागत नाही. गाडी एका फळीवर आडवी उभी करायची, सीटवर 75 किलो वाळूची पोती चालकाच्या कमरेच्या उंचीला घट्ट बांधायची, ब्रेक लावून ठेवायचा आणि फळीची एक बाजू जॅकने हळूहळू उचलायची. वरचे चाक फळी सोडेल तो कोन लिहून घ्यायचा. वरच्या उदाहरणातली पहिली गाडी 26 अंशांच्या आसपास उलटेल, दुसरी 37 अंशांपर्यंत टिकेल. रस्त्यावर खड्डा, मऊ टायर आणि स्प्रिंग यांमुळे प्रत्यक्षात यापेक्षा कमीच मिळते. आमच्या मते 30 अंशांच्या आत उलटणाऱ्या तीनचाकीवर माणूस बसवूच नये. दोरी मात्र बांधून ठेवावी, गाडी पडते तेव्हा पोत्यांसकट पडते.

दुसरी चूक चाकांची. सायकलच्या तारा उभे वजन पेलायला असतात. सायकल वळताना कलते म्हणून रिमवर आडवा जोर फारसा येत नाही. तीनचाकीत तो पूर्ण येतो आणि 26 इंची रिम दोन-चार जोरदार वळणांत आउट होते, कधी सरळ पिळवटते. 20 इंची किंवा त्याहून लहान चाक, जाड तारा आणि रुंद हब घ्यावा. एका बाजूनेच धरलेल्या चाकाला सायकलचा 10 मिलिमीटरचा अॅक्सल टिकत नाही, तो वाकतो.

दिव्यांगांसाठी स्कूटरला बाजूची चाके जोडण्याचे काम आपल्या भागात पुष्कळ होते. ती चाके चौकटीला घट्ट वेल्ड केली, तर खोलगट जागी स्कूटरचे मूळ मागचे चाक अधांतरी राहते. ओढ जाते आणि मागचा ब्रेकही जातो. बाजूच्या चाकांना स्वतःचा पाटा किंवा स्प्रिंग द्यावी आणि मूळ चाकावर वजन कायम राहील अशी उंची ठरवावी. ज्याला पाय टेकवून गाडी सावरता येत नाही, त्याच्यासाठी ही बाब सगळ्यांत महत्त्वाची आहे, आणि घाईघाईच्या कामात नेमकी तीच राहून जाते.

चढाचेही गणित करून बघावे. 75 किलोचा माणूस आणि 55 किलोची गाडी, एकूण 130 किलो. 12 मीटरला 1 मीटर असा चढ धरला तर साधारण 12 किलो वजन उचलण्याइतका जोर सतत लागतो. ताशी 15 किलोमीटरने तो चढ चढायचा तर चाकावर 500 वॅटच्या वर शक्ती हवी. 250 वॅटची हब मोटर, म्हणजे चाकाच्या मध्यातच बसवलेली मोटर, तिथे ताशी 7 किलोमीटरवर रेंगाळते आणि कमी फेऱ्यांवर जास्त करंट ओढून आतले वाइंडिंग जाळते. मोटरला करंट पुरवणाऱ्या कंट्रोलरची मर्यादा वाढवून हा प्रश्न सुटत नाही, जळण्याची वेळ फक्त अलीकडे येते. मोटर वेगळी बसवून चेनने चाकाला फेऱ्या कमी करून द्याव्यात, म्हणजे मोटर फिरती राहील. हब मोटरच वापरायची असेल, तर अॅक्सलच्या चपट्या बाजूंना बसणारी 6 मिलिमीटर जाडीची लोखंडी पट्टी चिमट्याला घट्ट बांधावी. ती नसेल तर अॅक्सल खाचेत फिरतो आणि मोटरच्या तारा पिळून तुटतात. ब्रेक लावताना चार्जिंग होण्याची सोय असेल तर जोर उलटसुलट होतो, नट लवकर ढिले होतात, ते दर आठवड्याला तपासावेत.

स्वतः तोल सांभाळणारी एकचाकी किंवा दोन चाके शेजारी असलेली गाडी हे खरे हुशारीचे काम आहे, आणि धोक्याचेही. डीन केमन यांनी 2001 मध्ये जगापुढे आणलेल्या सेगवे या शेजारी-शेजारी दोन चाकांच्या गाडीत कल ओळखणारे पाच जायरो सेन्सर, दोन बॅटऱ्या आणि दोन स्वतंत्र नियंत्रण बोर्ड होते, एक बंद पडला तरी माणूस उतरू शकावा म्हणून. आपल्याकडची मुले कल मोजणारा एक एमपीयू-6050 सेन्सर आणि आर्डुइनो हा एक छोटा प्रोग्रॅम करता येणारा बोर्ड यांवर तेच काम करतात. प्रयोग म्हणून हरकत नाही, पण सेन्सरच्या तारा मोटरच्या तारांशेजारून लांबवर नेल्या तर त्यात गडबड शिरते, प्रोग्रॅम अडकतो आणि मोटरला शेवटचा मिळालेला हुकूम चालूच राहतो. तारा वीतभराच्या आत ठेवाव्यात, मोटरच्या तारांपासून दूर न्याव्यात, सेन्सर दुहेरी चिकटपट्टीऐवजी स्क्रूने बसवावा आणि प्रोग्रॅम अडकला तर बोर्ड आपोआप मोटर सोडून देईल असा वॉचडॉग चालू करावा.

याहून मोठा धोका वेगाचा आहे. अशी गाडी पुढे झुकलेल्या माणसाला सावरण्यासाठी आणखी वेगाने पुढे जाते. मोटर आधीच पूर्ण वेगावर असेल तर सावरायला काही शिल्लक राहत नाही आणि माणूस तोंडावर पडतो. बॅटरी उतरत जाते तशी ही मर्यादाही खाली येते. 13 सेलची पूर्ण भरलेली बॅटरी 54.6 व्होल्ट देते, उतरल्यावर 42. भरलेल्या बॅटरीवर ताशी 30 किलोमीटरने मोकळे फिरणारे चाक उतरलेल्या बॅटरीवर 23 नेच फिरते. प्रात्यक्षिक नेहमी भरलेल्या बॅटरीवर होते, पडण्याची वेळ परतीच्या वाटेवर येते. म्हणून वापरायचा वेग उतरलेल्या बॅटरीच्या मोकळ्या वेगाच्या 60 टक्क्यांपेक्षा जास्त ठेवू नये आणि त्याआधीच पायाखालची फळी मागे कलून इशारा देईल अशी सोय करावी.

बॅटरीबद्दल आम्हाला सर्वाधिक काळजी वाटते. 48 व्होल्ट या एकाच नावाने एनएमसी आणि एलएफपी अशा दोन वेगळ्या प्रकारच्या लिथियम बॅटऱ्या विकल्या जातात. एनएमसीच्या 13 सेलना 54.6 व्होल्टचा चार्जर लागतो, एलएफपीच्या 16 सेलना 58.4 चा. प्लग मात्र सारखाच असतो. दुसरा चार्जर पहिल्या बॅटरीला लावला आणि बॅटरीतल्या बीएमएस या संरक्षक बोर्डाने दगा दिला, तर सेलवर 4.2 ऐवजी जवळपास 4.5 व्होल्ट चढतात आणि तिथून पेट घ्यायला वेळ लागत नाही. दोन्हींचे प्लग वेगवेगळे ठेवावेत. सेल जोडायला कावियाने डाग देऊ नये, उष्णतेने आतला पडदा बिघडतो, स्पॉट वेल्डिंगच करावे. सेल जोडायच्या निकेल पट्टीच्या नावाने निकेलचा मुलामा दिलेली लोखंडी पट्टी मिळते. लोहचुंबकाने फरक कळत नाही, दोन्ही चिकटतात. पट्टी कानशीने घासून रात्रभर मिठाच्या पाण्यात ठेवावी, लोखंड असेल तर सकाळी गंज दिसतो. फ्यूज बॅटरीच्या तोंडाशीच हवा आणि तो डीसीसाठी, म्हणजे बॅटरीच्या एकाच दिशेने वाहणाऱ्या करंटसाठी, बनलेला हवा. घरातला एमसीबी डीसीची ठिणगी तोडेल याची खात्री नसते.

अॅक्सिलरेटरची एक चाचणी प्रत्येकाने करावी. चाक अधांतरी ठेवून अॅक्सिलरेटरच्या तीन तारांपैकी काळी तार काढून बघावी. स्वस्त कंट्रोलरमध्ये ती तुटताच सिग्नल वर चढतो आणि चाक पूर्ण वेगाने फिरू लागते. तसे झाले तर तो कंट्रोलर वापरू नये. ब्रेक ओढताच मोटर बंद करणारा स्विच दोन्ही लिव्हरना हवा. ब्रेक स्वतः किती चांगले आहेत तेही मोजता येते. ताशी 25 किलोमीटरवरून चांगले ब्रेक कोरड्या रस्त्यावर सुमारे 5 मीटरांत थांबवतात, निकृष्ट ब्रेक 10 मीटर घेतात. भान येऊन ब्रेक ओढण्यात आणखी 7 मीटर जातात. खानापूर बाजूच्या पावसात रिमवर रबर घासणारे ब्रेक जवळपास निकामी होतात, तिथे डिस्क किंवा ड्रमच घालावा.

गाडी बुटकी करा असे वर सांगितले, पण बुटक्या गाडीचे स्वतःचे दुखणे आहे. ब्रिटनमध्ये सर क्लाइव्ह सिंक्लेअर यांनी जानेवारी 1985 मध्ये सी-5 ही 250 वॅटची तीनचाकी बाजारात आणली. चालक इतका खाली बसत असे की इतर वाहनांना तो दिसेल का, हीच लोकांची पहिली भीती होती. त्याच वर्षी उत्पादन बंद पडले. आपल्याकडे गळीत हंगामात उसाने लादलेल्या दोन-दोन ट्रॉल्या ओढणाऱ्या ट्रॅक्टरवाल्याला मागचे आणि बाजूचे काहीच दिसत नाही. अशा रस्त्यावर बुटक्या गाडीला दीड मीटर उंच काठीवर झेंडा आणि लाल दिवा, मागे-पुढे परावर्तक हवेतच. हंगामात रात्री ती मोठ्या रस्त्यावर नेऊच नये.

कायद्याबद्दल मुलांमध्ये गैरसमज आहेत. 250 वॅटपेक्षा कमी आणि ताशी 25 किलोमीटरपेक्षा कमी वेगाची गाडी म्हणजे नोंदणी नको, एवढेच सर्वांना ठाऊक असते. केंद्रीय मोटार वाहन नियम, 1989 मध्ये ही सवलत आहे, पण नियम 126 मधल्या चाचणी संस्थेने ते तपासून मान्य केले असेल तरच. मोटरवरचा स्टिकर पुरत नाही. अशी संस्था आपल्याला सर्वांत जवळ पुण्यात आहे, एआरएआय, म्हणजे ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया. जुन्या नोंदणीकृत गाडीत परवानगीविना बदल केला तर मोटार वाहन कायद्याच्या 2019 च्या दुरुस्तीनंतर मालकाला दर बदलामागे 5 हजार रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. त्याच दुरुस्तीने कायद्यात कलम 2-ब आले, ज्याखाली संशोधनाला चालना देण्यासाठी केंद्र सरकार ठरावीक प्रकारच्या वाहनांना कायद्यातून सूट देऊ शकते. इथल्या महाविद्यालयांनी आणि विश्वेश्वरय्या तंत्रज्ञान विद्यापीठाने या कलमाचा पाठपुरावा करायला हवा, एकट्या विद्यार्थ्याच्या आवाक्यातली ती गोष्ट नाही.

आता आपल्या दैनिकाकडे एक मागणी. गाडीच्या आतली नवी रचना फोटोत किंवा मजकुरात उघड झाली, की तिचे पेटंट मिळणे कठीण होते, कारण ती आता नवी राहत नाही. बातमी घेण्याआधी बातमीदाराने मुलाला पेटंटसाठी तात्पुरता अर्ज केला आहे का, एवढे विचारावे. व्यक्तीसाठी ऑनलाइन फी 1600 रुपये आहे, पूर्ण अर्ज पुढच्या 12 महिन्यांत द्यायचा असतो. कर्नाटकातले अर्ज चेन्नईच्या कार्यालयाकडे जातात आणि कोल्हापूरचे मुंबईकडे, त्यामुळे पलीकडच्या मित्राचा अर्ज बघून भरलेला पत्ता चुकतो. आणि बातमीत वेगाबरोबर वजन, उलटण्याचा कोन, ब्रेकचे अंतर, बॅटरीचा प्रकार हे चार आकडे छापावेत. ते छापून येणार म्हटल्यावर मुले मोजतील.

चाचणीच्या जागेसाठी फार काही लागत नाही. 40 मीटर लांब आणि 10 मीटर रुंद काँक्रीटची पट्टी, 12 ला 1 चा एक उतार, कलती फळी, वजनकाटा, डीसी मोजणारा क्लॅम्प मीटर, वाळूची पोती, पाण्याचा पाइप आणि बॅटरी चार्ज करायला इमारतीपासून दूर पत्र्याची उघडी शेड. लिथियमची आग विझवायला भरपूर पाणी लागते, पावडरच्या नळकांड्याने ज्वाळा दबतात पण सेल पुन्हा पेटतात. एखाद्या अभियांत्रिकी महाविद्यालयाने मैदानाचा कोपरा दिला, तर महिन्यातून एक रविवार आम्ही जॅक, मीटर आणि वेल्डिंग सेट घेऊन येऊ. तपासणीचे तक्ते मराठी आणि कन्नड दोन्ही भाषांत लावू, कारण आयटीआयमधल्या मुलांना इंग्रजी मॅन्युअल वाचताना व्होल्टचे आकडे तेवढे कळतात, सूचना कळत नाहीत. कोणते महाविद्यालय जागा देऊ शकेल, त्यांनी आपल्या दैनिकामार्फत कळवावे.

आपले,
वेल्डिंग, मशीनशॉप आणि बॅटरी दुरुस्तीचे काम करणारे काही कारागीर
उद्यमबाग, बेळगाव