बाबांची गळ्यापर्यंतची गुंडी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतला प्रायोगिक चित्रपटांवरचा लेख वाचला आणि रात्रभर चैन पडली नाही. ‘४८’ या चित्रपटात नुसते फोटोच दाखवलेत, घडत काहीच नाही, अशी लेखकाची तक्रार. अहो, ते फोटो कुणाचे आहेत? पोर्तुगालमध्ये १९२६ ते १९७४ अशी ४८ वर्षे हुकूमशाही होती. तिच्या पोलिसांनी राजकीय कैद्यांचे काढलेले ते फोटो. सुझाना द सोझा डायस या दिग्दर्शिकेने ते पडद्यावर स्थिर ठेवले आणि त्याच माणसांचे आजचे आवाज त्यांवर ऐकवले. १९६१ पर्यंत तीच राजवट आपल्या गोव्याच्याही मानगुटीवर होती. पणजीत बसून लिहिणाऱ्याला हे सुचू नये?

बाबांना १९५५ साली पकडले होते. पोलिसांनी त्यांचाही फोटो काढला म्हणे, आम्ही तो कधी पाहिला नाही. घरात होता तो १९६२चा, स्टुडिओतला. सदऱ्याची गुंडी थेट गळ्यापर्यंत लावलेली. तीस वर्षे तो ओटीवर टांगलेला होता, येता-जाता दिसायचा. एकदा दिवाळीत काच पुसताना आई बोलून गेली, “मारल्याचा वण दिसू नये म्हणून लावली होती ती.” त्या दिवशी मी तो फोटो पहिल्यांदा पाहिला. एकच चित्र इतका वेळ समोर ठेवण्याची गरज का पडते, हे मला लेखकापेक्षा जास्त कळते.

मुक्तीच्या पन्नासाव्या वर्षी, २०११ साली, एका प्रदर्शनासाठी तो फोटो मागितला. विश्वासाने दिला. त्यांनी मोठा करताना चौकटीत बसावा म्हणून हनुवटीखाली कापला. गुंडी गेली! खाली लिहिले, ‘एक स्वातंत्र्यसैनिक’. मागे बाबांचे नाव आईच्या हाताने लिहिलेले होते, पण उलटून पाहायला कुणाला सवड नव्हती. मूळ फोटो सात महिन्यांनी परत आला, काच तडकलेली. आई तेव्हा अंथरुणाला खिळलेली होती. तिला दाखवायचा धीर झाला नाही.

आता आलोच आहे विषयावर तर आपल्या दैनिकाबद्दलही बोलतो. दर १९ डिसेंबरला, मुक्तिदिनी, आपण सत्याग्रहींचा जुना फोटो छापता आणि खाली ‘संग्रहित’ एवढेच. त्यातली काही माणसे ओळखणारे म्हातारे अजून गावोगाव आहेत. येत्या डिसेंबरपूर्वी एखादा वार्ताहर त्यांच्याकडे पाठवा. नावे मिळाली नाहीत, तर निदान गाव तरी छापा.

आपला,
एक जुना वाचक, डिचोली