जत्रेच्या नाटकासाठी हातभार हवा, आणि घरचा वाटायचा दगडी रगडोही

सर्व ग्रामस्थ, महाजन, माहेरवाशिणी आणि नोकरीधंद्यासाठी गाव सोडलेल्या मंडळींस सप्रेम नमस्कार.

माघातल्या जत्रेला, देवीची पालखी परतल्यावर, आपलं नाट्यमंडळ नवं तीन अंकी मराठी नाटक करणार आहे. पौराणिक आणि ऐतिहासिक नाटकं आपण पिढ्यान्पिढ्या करत आलो. यंदाचा विषय वेगळा आहे, म्हणून आधी तो सांगतो.

नाटकात एक काल्पनिक पंथ आहे. विद्वानांचा, पण ना मठ ना गादी. या पंथाचे लोक कुठल्याही काळात, कुठल्याही देशात जाऊ शकतात, आणि जातात ते दरबारात नाही, थेट रांधचे कुडीत, म्हणजे स्वयंपाकघरात. दीक्षा घेताना प्रत्येकाच्या ओंजळीत एकच पदार्थ पडतो: कुणाला मीठ, कुणाला नारळ, कुणाला मिरची. जन्मभर त्याचा माग काढायचा. नियम दोनच. जिच्या हातचं खाल्लं तिचं नाव विचारल्यावाचून वहीत ओळ लिहायची नाही; आणि ‘तुझ्याआधी या ताटात कोण होतं?’ हे पदार्थाला विचारल्यावाचून उठायचं नाही.

पहिला प्रवेश बाबिलोनचा. सुमारे ३७०० वर्षांपूर्वी मातीच्या विटांवर कोरलेल्या पाककृती आज अमेरिकेतल्या येल विद्यापीठात आहेत; मांसाचे रस्से, कांदा, लसूण. हा प्रवेश छोटाच आहे.

दुसरा कल्याणीच्या चालुक्यांचा. सोमेश्वर राजाच्या ‘मानसोल्लास’ या ११२९ च्या सुमाराच्या संस्कृत ग्रंथात अन्नभोगाचं सविस्तर वर्णन आहे. याच सोमेश्वराची बहीण मैलळदेवी गोव्याच्या कदंब राजाला, दुसऱ्या जयकेशीला, दिली होती. घाट उतरून ती इथे आली तेव्हा तिच्याबरोबर माहेरचं कोणतं रांधप उतरलं, हा प्रवेश आम्ही कल्पनेने रचला आहे. तालमीत तो वाचला तेव्हा समोर बसलेल्या आमच्या दोन वहिनींचे डोळे भरून आले. त्याही घाटावरूनच आलेल्या.

नाटकाचा जीव मात्र तिसऱ्या प्रवेशात आहे. साल १५६३, गोवे शहर. गार्सिया द ओर्ता या वैद्याचा इथल्या औषधी आणि फळांवरचा ग्रंथ इथेच छापला जातो आहे. ग्रंथ संवादरूप आहे, आणि त्यात अंतोनिया नावाची एक दासी येते. मालकाने हाक मारली की ती हवी ती वस्तू आणून ठेवते. आमच्या नाटकात ती वस्तू ठेवते आणि परत जात नाही. पंथाचा माणूस उठून तिला बसायला पाट देतो आणि वही तिच्यापुढे उघडतो. ओर्ताची थोरवी आम्हाला मान्य आहे. मेल्यानंतर बारा वर्षांनी, १५८० मध्ये, इन्क्विझिशनने, म्हणजे पोर्तुगिजांच्या धर्मन्यायालयाने, त्याची हाडं उकरून जाळली, तेही नाटकात येतं. पण ज्या हातांनी ती फळं पारखून आणली, त्या हातांना पंथात पहिला मान आहे, आणि तो रंगमंचावर दिसलाच पाहिजे असा आमचा हट्ट आहे.

म्हणूनच हे आवाहन आधी गावातल्या आज्यांना, काकींना, वहिनींना आहे. कल्याणीच्या स्वयंपाकघरात मिरची, बटाटा, टोमॅटो, काजू यातलं काहीच दाखवता येणार नाही. ते सगळं पुढे पोर्तुगिजांच्या काळात अमेरिकेतून आलं. तालमीला आलेल्या एका आजीने विचारलं, “मिरसांग नाशिल्ली तेन्ना हुमण कशें करताले गे?” म्हणजे मिरची नव्हती तेव्हा माशांची आमटी कशी करत? मिरी आणि तेफळ (तिरफळ), इतकं आम्ही म्हटलं. त्यावर तिने आपल्या आजीच्या हातची मिऱ्यांची आमटी अर्धा तास सांगितली. अशी सांगणारी आणखी माणसं हवी आहेत. खतखत्यात, म्हणजे मिश्र भाज्यांच्या रश्शात, तुमच्याकडे काय घालत, पावसाळ्यासाठीचा साठा, पुरुमेंत, कसा भरत, गणपतीवरच्या फळाफुलांच्या माटोळीला रानातलं कोणतं फळ लागे, पोदेर (पाववाला) पीठ माडाच्या सुरेने (ताडीने) फुगवी तेव्हा पावाचा वास कसा असे. मंडळाची मुलं घरी येऊन लिहून घेतील, आणि सांगणारीचं नाव तिच्या परवानगीने नाटकाच्या सुरुवातीला वाचलं जाईल.

वस्तूही हव्यात. रगडो, आदोळी (विळी), दोवली (करवंटीचा डाव), रांधायची मातीची कुंडली, पाणी तापवायचं तांब्याचं भाण. प्रॉपर्टी म्हणून थर्माकोलचा रगडो करता येतो, पण पाटावर बसून वाटणाऱ्या बाईच्या हाताला दगडाचं वजन लागतं. वस्तू जत्रेनंतर आठ दिवसांत घरपोच करू. खाजन शेतीच्या, म्हणजे खाडीकाठच्या बांधाआडच्या शेतीच्या, प्रवेशासाठी कोरगुट किंवा आसगो भाताची दोन कणसं मिळाली तर फार बरं. खारं पाणी सोसणारं हे भात आहे. बांध, मानस (पाणी सोडायची झडप) आणि भरतीच्या दाबाने आपोआप मिटणारं त्याचं दार हे सगळं आम्ही रंगमंचावर उभं करतो आहोत. सुतारकाम येणाऱ्यांनी रविवारी सकाळी यावं.

राहिला पैसा. नेपथ्य, प्रकाश, ध्वनी, वेषभूषा आणि रंगभूषा मिळून खर्च दीड लाखाच्या घरात जातो. आतापर्यंत ५८ हजार जमले आहेत. कलाकार आणि दिग्दर्शक मानधन घेत नाहीत. शंभर रुपयेही आम्हाला मोलाचे आहेत. प्रत्येकाला पावती मिळेल आणि हिशेब जत्रेनंतरच्या पहिल्या बैठकीत वाचला जाईल. पैसे जमत नसतील तर तालमीच्या एका रात्रीची पेज आणि खारातली तोरं (मिठाच्या पाण्यातल्या कैऱ्या) द्या, वीस माणसं जेवतात.

देवळाच्या अग्रशाळेतली मंडळाची खोली रोज संध्याकाळी सात ते नऊ उघडी असते. ज्यांना चालवत नाही त्या आज्यांनी शेजारच्या मुलाकरवी निरोप धाडावा, आम्ही वही घेऊन येतो.

देव बरें करूं.

नाट्यमंडळाच्या वतीने,
कार्यवाह