साठ मीटर म्हणजे कापलेली शंभर मीटर नव्हे

मा. संपादक,
स.न.वि.वि.

इनडोअर स्पर्धांचा मोसम आला की क्रीडापानावर ६० मीटर धावण्याचे निकाल दिसू लागतात आणि त्यांच्यासोबत एक चुकीचा हिशेबही छापला जातो. साठ मीटरची वेळ घ्यायची, त्रैराशिक मांडायचे आणि ‘या वेगाने शंभर मीटरला इतके सेकंद’ असे जाहीर करायचे. अमेरिकेच्या ख्रिश्चन कोलमनने २०१८ मध्ये तिथल्याच अल्बुकर्की शहरात साठ मीटरला ६.३४ सेकंदांचा विश्वविक्रम केला. त्रैराशिकाने त्याची शंभर मीटरची वेळ १०.५७ निघते. प्रत्यक्षात त्याची सर्वोत्तम वेळ ९.७६ आहे. आठ दशांश सेकंदांची ही तफावत स्प्रिंटमध्ये फार मोठी आहे.

ती का पडते, हे उसेन बोल्टच्या २००९ मधील बर्लिनच्या शंभर मीटरच्या ९.५८ सेकंदांच्या धावेवरून नीट कळते. पहिल्या २० मीटरला त्याला २.८९ सेकंद लागले. पुढचे वीस-वीस मीटर त्याने अनुक्रमे १.७५, १.६७, १.६१ आणि १.६६ सेकंदांत कापले. म्हणजे सर्वांत वेगवान टप्पा साठ मीटरनंतर आला. साठ मीटरची शर्यत संपते तिथे बोल्टचा वेग अजून वाढतच होता! जागेवरून उठून वेग घेण्याची सगळी किंमत या छोट्या शर्यतीत मोजावी लागते आणि त्या वेगाचा उपभोग घ्यायला अंतरच उरत नाही. बर्लिनमध्ये बोल्टने ६० मीटरची खूण ६.३१ सेकंदांत ओलांडली होती, तरी इनडोअर विक्रम कोलमनच्या नावावर आहे आणि ते योग्यच आहे. वाटेतली नोंद वेगळी, छताखाली, वाऱ्याच्या मदतीविना, छाती पुढे टाकून संपवलेली शर्यत वेगळी.

म्हणूनच दोन्ही शर्यतींचे विजेते एकच असतील असे धरून चालू नये. २०२४ च्या मार्चमध्ये ग्लासगोतील जागतिक इनडोअर स्पर्धेत साठ मीटरला कोलमनने ६.४१ सेकंदांत अमेरिकेच्याच नोआ लाइल्सला (६.४४) मागे टाकले. त्याच वर्षी पॅरिस ऑलिंपिकमध्ये शंभर मीटरच्या अंतिम फेरीत लाइल्सचा प्रतिसादाचा वेळ, म्हणजे बंदुकीच्या आवाजापासून हालचाल सुरू होईपर्यंतचा वेळ, ०.१७८ सेकंद होता, तीस मीटरला तो शेवटच्या स्थानी होता आणि तरीही त्याने सुवर्ण जिंकले. सुटताना गेलेले शतांश त्याला उरलेल्या सत्तर मीटरमध्ये भरून काढता आले. साठ मीटरला ती मुभा नाही. २०२२ मध्ये बेलग्रेडच्या जागतिक इनडोअर स्पर्धेत इटलीचा मार्सेल जेकब्स आणि कोलमन दोघांनाही ६.४१ हीच वेळ मिळाली, निकाल तीन सहस्रांशांवर लागला. अर्थात दोन्ही अंतरे साधणारेही असतात. सेंट लुशियाच्या ज्युलियन आल्फ्रेडने महिलांमध्ये २०२४ साली ग्लासगोत ६० मीटर आणि पॅरिसला १०० मीटर, दोन्ही जिंकल्या.

खरी मेख सुरुवातीत आहे आणि शालेय पातळीवर सर्वाधिक नुकसानही तिथेच होते. ब्लॉक (सुटताना पाय रेटायचे आधार) लावताना पुढचा ब्लॉक रेषेपासून धावपटूच्या स्वतःच्या तळपायाच्या साधारण दुप्पट लांबीवर आणि मागचा तिप्पट लांबीवर, ही पहिली मांडणी. पुढे उंची व ताकद पाहून ती बदलावी. ‘सेट’च्या आज्ञेला कंबर खांद्यांपेक्षा किंचित वर, पुढचा गुडघा सुमारे ९० अंशांत, मागचा १२० ते १३० अंशांत हवा. कंबर फार खाली राहिली तर गुडघे मिटलेले राहतात आणि रेटा उशिरा येतो. फार वर गेली तर पाय जवळजवळ सरळच झालेले असतात, रेटायला काही उरत नाही. सगळा भार हातांवर टाकला की मुलगा बंदुकीच्या आवाजाबरोबर धडपडतो, तोल सावरायला पहिले पाऊल लांब टाकतो, ते शरीराच्या पुढे पडते आणि तिथेच ब्रेक लागतो.

पहिली पावले शरीराच्या मागे ढकलण्यासाठी असतात. सुरुवातीला पाय जमिनीवर सुमारे ०.२ सेकंद टेकतो, पूर्ण वेगात ०.१ सेकंदाहूनही कमी. सुरुवातीचा हा जास्तीचा वेळ रेट्यासाठी वापरायचा असतो, त्यामुळे तिथेच पावले भरभर टाकायला सांगणे घातक ठरते. मान खाली, नजर ट्रॅकवर, आणि शरीर हळूहळू उभे होत २५-३० मीटरला सरळ व्हावे. पाचव्या-सहाव्या पावलालाच डोके वर आले की कंबर बसते, टाच मागे फिरत राहते आणि वेगवाढ तिथेच थांबते. सरावात ३० मीटरच्या पाच-सहा धावा पुरतात, मात्र दोन धावांमध्ये दर दहा मीटरमागे किमान एक मिनिट विश्रांती हवी. घाईघाईने दहा धावा काढून घेणे हा दमसासाचा व्यायाम झाला, स्टार्टचा नव्हे.

शेवटाकडेही लक्ष हवे. नियमानुसार रेषेपलीकडे किमान १० मीटर मोकळी जागा लागते आणि १५ मीटर ठेवण्याची जोरदार शिफारस आहे. पुढे गादी लावलेली भिंत दिसली की नवखे धावपटू रेषेच्या आधीच वेग सोडतात किंवा तीन-चार पावले आधीच छाती झुकवतात. दोन्हींत शतांश जातात. छाती शेवटच्या पावलालाच टाकायची आणि वेग रेषेनंतर कमी करायचा. गादी नीट बांधलेली नसेल तर इजा होऊ शकते, म्हणून ती तपासल्याशिवाय हीट (प्राथमिक फेरीची शर्यत) सोडू नये. इनडोअर ट्रॅकवर स्पाइकचे (धावण्याच्या बुटांचे) खिळे सहसा ६ मिलिमीटरचेच चालतात, हेही मुलांना आधी सांगावे.

निकाल छापताना दोन गोष्टी जोडाव्यात, ही विनंती. एक, ठिकाण उंचावर आहे का. अल्बुकर्की समुद्रसपाटीपासून सुमारे १६०० मीटरवर आहे आणि विरळ हवेत रोध कमी होतो, त्यामुळे ‘वाऱ्याची मदत नाही’ एवढ्याने सगळी इनडोअर मैदाने सारखी ठरत नाहीत. दुसरे, वेळ हातघड्याळाची की इलेक्ट्रॉनिक. हातात घड्याळ धरणारा सुरुवातीला उशिरा बटण दाबतो आणि शेवटी रेषेवर धावपटू येताना दिसत असल्याने अंदाजाने वेळेवर दाबतो. छोट्या अंतरासाठी हा फरक रूढ पद्धतीने ०.२४ सेकंद धरला जातो. शालेय स्पर्धेतली हातघड्याळाची ६.९ ही वेळ ‘६.९० सेकंद’ अशी छापली की वाचक ती रशियाच्या इरिना प्रिव्हालोव्हाच्या १९९३ पासून टिकलेल्या ६.९२ च्या महिला विश्वविक्रमाशेजारी ठेवतो, आणि एका मुलीवर नको त्या अपेक्षांचे ओझे पडते.

आपला,
एक ॲथलेटिक्स प्रशिक्षक